पार्टीतली ती उंच बाई : बेस फ्लॉवर्स

कोपऱ्यातला_प्रेक्षक

'रिअर विंडो' या हॉलिवूडपटात नायक जेम्स स्टुअर्ट पाय प्लास्टरमध्ये घालून खिडकीशी बसलेला असतो. समोरच्या इमारतीत एक संगीतकार राहतो आणि त्याच्याकडे पार्टी रंगते. त्या पार्टीला पूडल जातीचं कुत्रं घेऊन आलेली एक बाई आहे. 'व्हर्टिगो'मध्ये लाल भिंतींच्या अर्नीज रेस्टॉरंटमध्ये नायिका किम नोव्हाक पहिल्यांदा दिसते, तिथल्या जेवणाऱ्यांतही हीच बाई. 'ऑल अबाउट ईव्ह'च्या पुरस्कार सोहळ्यात ईव्हचं अभिनंदन करायला पुढे येते ती हीच. 'डबल इंडेम्निटी'मधल्या विमा कंपनीच्या साहेबांची सेक्रेटरी? तीही हीच.

या बाईंचं नाव बेस फ्लॉवर्स. जन्म २३ नोव्हेंबर १८९८, टेक्सासमधल्या शर्मन गावी. पहिला चित्रपट १९२३ सालचा, शेवटचा १९६४ सालचा 'गुड नेबर सॅम'. मधल्या एक्केचाळीस वर्षांत मूकपट संपला, बोलपट आला, रंग आला, टीव्ही आला, मोठमोठे स्टुडिओ डबघाईला आले. बाई आपल्या जागी. म्हणजे नायिकेच्या मागे, डावीकडून तिसऱ्या टेबलावर.

हॉलिवूडच्या एक्स्ट्रांची राणी असं तिला म्हणत. सर्वोत्कृष्ट चित्रपटाचं ऑस्कर मिळालेल्या पाच चित्रपटांत ती आहे : 'इट हॅपन्ड वन नाईट', 'यू कान्ट टेक इट विथ यू', 'ऑल अबाउट ईव्ह', 'द ग्रेटेस्ट शो ऑन अर्थ' आणि 'अराउंड द वर्ल्ड इन एटी डेज'. नुसती नामांकनं धरली तर तेवीस चित्रपट, आणि हा विक्रम समजला जातो. पाचही विजेत्या चित्रपटांच्या नामावलीत मात्र तिचं नाव नाही.

आता तिचा धंदा नेमका काय होता ते सांगतो, कारण 'एक्स्ट्रा' म्हटलं की आपल्या डोळ्यांसमोर मोर्चातली गर्दी येते. हॉलिवूडमध्ये गर्दीतही उतरंड होती. हाणामारीच्या वा बाजाराच्या दृश्यातला माणूस सगळ्यात खाली. वरच्या पायरीवर 'ड्रेस एक्स्ट्रा'. पार्ट्या, ऑपेरा, घोड्यांच्या शर्यती, बड्यांची लग्नं या ठिकाणचे पाहुणे हे लोक. त्यांना दिवसाचे पैसे जास्त मिळायचे, पण कपडे स्वतःचे आणायला लागायचे. संध्याकाळचे गाऊन, फर, हातमोजे, टोप्या, दागिने, दिवसा घालायचे सूट, सगळं घरच्या कपाटातलं. स्टुडिओचा कपड्यांचा खर्च वाचायचा आणि त्या कपाटावर बाईचं पोट चालायचं. फॅशन बदलली की तिला स्वतःच्या पैशाने बदलायला लागायचं, नाहीतर पुढच्या वर्षी बोलावणं नाही.

बेस साडेपाच फुटांहून उंच, खांदे सरळ, मान ताठ. कुठलाही गाऊन तिच्यावर महागडाच वाटायचा. चॅप्लिनच्या 'अ वुमन ऑफ पॅरिस'मध्ये ती १९२३ सालीच मॉडेल म्हणून दिसते.

काम मिळायची तऱ्हा अशी. सुरुवातीच्या काळात लोक स्टुडिओच्या फाटकाबाहेर रांगा लावायचे आणि मधल्या मधे दलाल हात धुऊन घ्यायचे. त्यातून बोभाटा झाला, तेव्हा निर्मात्यांच्या संघटनेनं १९२५ च्या अखेरीस सेंट्रल कास्टिंग नावाची कचेरी काढली. तिथे हजारो लोकांची नोंद असायची. तुम्ही फोन करायचा, नाव सांगायचं, पलीकडून बहुतेक वेळा उत्तर यायचं 'आज काम नाही'. थोड्या वेळानं परत फोन. बऱ्याच जणांचं आयुष्य त्या फोनपाशी गेलं. बेसचं नाव मात्र दिग्दर्शकांचे सहायक आपणहून मागायचे.

तिच्या वाट्याला खऱ्या भूमिका आल्याच नाहीत असं नाही. विनोदी छोटपटांत तिला चांगलं काम मिळालं. लॉरेल आणि हार्डीच्या 'वी फॉ डाउन' या १९२८ सालच्या मूकपटात ती चक्क मिसेस लॉरेल आहे. दोन्ही नवरे नाटकगृहात जातोय म्हणून थाप मारून सटकतात आणि नेमकं तेच नाटकगृह जळाल्याची बातमी बायकांना कळते, ती गोष्ट. थ्री स्टूजेस या विनोदी त्रिकुटाच्या १९३८ च्या 'टॅसल्स इन द एअर'मध्ये ती उच्चभ्रूंत शिरायला धडपडणारी श्रीमंत बाई आहे. घर सजवायला बोलावलेला नामांकित सजावटकार समजून ती त्रिकुटातल्या मोला घरी घेऊन येते. पुढे काय होतं ते स्टूजेस ठाऊक असलेल्यांना सांगायला नको.

मग टीव्ही. हा भाग मला सगळ्यात गमतीचा वाटतो.

'आय लव्ह लूसी' ही मालिका १९५१ च्या ऑक्टोबरात अमेरिकेच्या सीबीएस वाहिनीवर सुरू झाली. तेव्हा बऱ्याच मालिका न्यू यॉर्कहून थेट प्रक्षेपित व्हायच्या. मालिकेतली मुख्य जोडी लूसिल बॉल आणि देसी आर्नाझ यांनी हॉलिवूडमध्येच राहून, समोर प्रेक्षक बसवून, तीन कॅमेऱ्यांनी ३५ मिमी फिल्मवर चित्रीकरण करायचं ठरवलं. कॅमेरामन कोण, तर कार्ल फ्रॉइंड! जर्मनीत 'मेट्रोपोलिस' आणि 'द लास्ट लाफ'चं छायाचित्रण केलेला माणूस. मूकपटातला असा दिग्गज टीव्हीच्या दिवाणखान्यावर सपाट प्रकाश पाडत होता आणि मूकपटातली एक एक्स्ट्रा त्याच मालिकेत टेबलाशी बसत होती.

'लूसी इज आँसँत' हा १९५२ च्या डिसेंबरातला भाग बघा. लूसीला दिवस गेलेत आणि नवऱ्याला सांगायला तिला एकांतच मिळत नाही. शेवटी ती त्याच्या नाईटक्लबात जाऊन बसते. स्टेजवर त्याच्या हातात चिठ्ठी येते : इथे एका जोडप्याला बाळ होणार आहे, त्यांच्यासाठी गाणं म्हणा. तो एकेका टेबलापाशी वाकून विचारत जातो, तुम्ही का? तुम्ही का? सीबीएसला 'प्रेग्नंट' हा शब्द चालत नव्हता, म्हणून भागाच्या नावातसुद्धा 'गर्भवती'साठीचा फ्रेंच शब्द. हे दृश्य टेबलावरच्या माणसांवाचून उभंच राहत नाही. नवरा हिंडत असताना ती टेबलं भरलेली, जिवंत आणि तरी गप्प असायला हवीत. कुणी जास्त हसलं तर लूसीचा क्षण गेला. त्या पाहुण्यांमध्ये बेस फ्लॉवर्स आहे. पुढे आणखी दोन भागांत ती नाटकाच्या प्रेक्षकांत बसलेली सापडते.

माझं म्हणणं एवढंच की तिची कारकीर्द इतकी लांबली यात नशीब कमी आणि धंद्याची जाण जास्त. नायिका चाळिशीला आली की तिला आईच्या भूमिका येतात आणि मग फोन थांबतो. पार्टीतल्या पाहुणीचं उलटं. तिशीत मॉडेल, चाळिशीत यजमानीण, साठीत रुपेरी केसांची धनाढ्य विधवा. केस पांढरे झाले तशी ती पार्टीला जास्तच शोभायला लागली.

चर्चा होऊ द्या.

मेधाविनी

मस्त धागा! वाचनखूण साठवली. 'व्हर्टिगो' कितीदा बघितलाय, पण अर्नीजमध्ये किम नोव्हाक सोडून कुणाकडे बघायचं असतं हे डोक्यातच आलं नव्हतं. :)

एक शंका. एवढ्या वर्षांत कुणाच्या लक्षात कसं नाही आलं की ही बाई सगळीकडे आहे?

कोपऱ्यातला_प्रेक्षक

@मेधाविनी, तेव्हा चित्रपट एकदा थिएटरात बघायचा आणि विसरायचा. मागे नेऊन, थांबवून बघायची सोय कुणाला होती? टीव्हीवर जुने चित्रपट रात्री उशिरा लागायला लागले तेव्हा काही चाणाक्ष लोकांना ती दिसायला लागली. खरी गंमत व्हिडिओ आणि डीव्हीडी आल्यावर. आता तर बेस शोधणं हा जुन्या चित्रपटांच्या शौकिनांचा खेळच आहे.

रोखठोक

लेख छान. पण थोडं पाणी ओततो.

तिच्या चित्रपटांचे आकडे बघितलेत? कुठे ३५० हून जास्त लिहिलंय, कुठे ८०० च्या वर. हा फरक छोटा नाही. नामावलीत नाव नाही, म्हणजे यादी कोण बनवतंय? आपल्यासारखेच लोक. कुणाला एखाद्या फ्रेममध्ये उंच बाई दिसली की झाली नोंद. उद्या माझी आत्या त्या काळात हॉलिवूडला असती तर तिचेही दोनशे चित्रपट झाले असते. ते तेवीस नामांकनांचं प्रकरणही तसंच.

दुसरं, 'धंद्याची जाण' वगैरे ठीक, पण याला आपण उगाच अभिनयाचा मुलामा देतोय का? एका जागी बसून राहायचं काम होतं ते.

निमाताई

रोखठोक, पहिला मुद्दा मान्य. दुसरा अजिबात नाही.

मी हौशी नाटकांत बरीच वर्षं मागे उभी राहिले आहे, म्हणून सांगते. मागे उभं राहणाऱ्या माणसाला दोन कामं असतात : खरं दिसायचं आणि नजर ओढून घ्यायची नाही. दोन्ही एकत्र करून बघा एकदा. नवीन मुलं एक तर पुतळा होतात, नाहीतर हातवारे करत सुटतात.

चित्रपटात तर आणखी कठीण. बोलपट आल्यावर पार्टीतले पाहुणे आवाज न करता बोलतात. तोंड हलवायचं, हसायचं, पण घशातून सूर नको, कारण पुढे नायक-नायिकेचे संवाद ध्वनिमुद्रित होत असतात. नाचणारी जोडपी संगीताशिवाय नाचतात. आधी ठेक्यासाठी जरा वाजवतात, मग बंद, आणि ठेका डोक्यात धरून पावलं टाकायची. पेल्यातली शॅम्पेन म्हणजे बहुतेक जिंजर एल. आणि हे सगळं प्रत्येक टेकला तस्संच. पहिल्या टेकला पेला उजव्या हातात होता तर सातव्यालाही उजव्याच, त्याच शब्दावर ओठांपाशी. नाहीतर संकलक बोंब मारणार. ज्या बाईला एक्केचाळीस वर्षं परत परत बोलावलं, तिला हे येत होतं म्हणूनच बोलावलं.

रोखठोक

@निमाताई, तुमच्यापुढे काय बोलणार. दुसरा मुद्दा निम्मा मागे. आकड्यांवर ठाम आहे.

कोपऱ्यातला_प्रेक्षक

आकड्यांबद्दल रोखठोक बरोबर बोलताहेत. ३५० चा आकडा पूर्ण लांबीच्या चित्रपटांपुरता आणि जपून दिलेला आहे. मोठ्या आकड्यात छोटपट, टीव्ही, नुसती ओळखलेली दृश्यं असं सगळं येतं. पण पाच ऑस्करविजेते चित्रपट तुम्ही स्वतः लावून तपासू शकता. 'इट हॅपन्ड वन नाईट'मध्ये ती वर्तमानपत्राच्या संपादकाची सेक्रेटरी आहे, चेहरा स्वच्छ दिसतो.

उनाड_पाखरू

आपल्याकडे याच्या जवळ जाणारं उदाहरण म्हणजे साठच्या दशकातले हिंदी चित्रपटांतले क्लब. 'गुमनाम'मधलं ते मुखवटेवाल्या नर्तकांचं गाणं घ्या. लक्ष्मी छाया नाचतेय, मागे टेड लायन्स आणि त्याचा बँड, आणि पुढे नर्तक हर्मन बेंजामिन. लाखो लोकांनी ते गाणं पाहिलंय, त्यातल्या किती जणांना हर्मन बेंजामिन हे नाव माहीत असेल? मुंबईतल्या अँग्लो-इंडियन आणि गोवेकर नर्तकांची, वादकांची अख्खी पिढी अशीच मागे मागे राहिली.

अवांतर : त्या क्लबांत नेहमी एक जाडगेले गृहस्थ सिगार ओढत बसलेले असतात. त्यांच्यावर कुणीतरी धागा काढा.

शाम_भिडे_नाशिक

मूकपट ते टीव्ही म्हटल्यावर ललिता पवार आठवल्या. १९२८ च्या 'राजा हरिश्चंद्र'पासून ते दूरदर्शनच्या रामायणातल्या मंथरेपर्यंत. आणि दुर्गा खोटे. 'अयोध्येचा राजा' १९३२ चा, आणि १९८८ ला 'वागळे की दुनिया' आली ती त्यांच्याच निर्मितिसंस्थेची.

मेधाविनी

पण शामकाका, त्या ललिता पवार आणि दुर्गा खोटे होत्या. त्यांच्या नावावर लोक तिकीट काढायचे. धागा ज्यांच्या नावावर कुणीच तिकीट काढलं नाही त्यांचा आहे.

शाम_भिडे_नाशिक

खरंय. पण तुझ्याच मुद्द्यातून एक सुचलं. बेसला पन्नाशीत टीव्हीची वाट मिळाली कारण ती वाट तिच्या दारात होती. १९४८ ला अमेरिकेच्या सर्वोच्च न्यायालयानं स्टुडिओंना त्यांच्या थिएटरांपासून वेगळं व्हायला लावलं, चित्रपट कमी निघायला लागले, गर्दीची दृश्यंही कमी झाली. पण मालिका त्याच गावात चित्रित व्हायला लागल्या आणि तिथेही नाईटक्लब, नाटकगृह, कोर्ट लागायचंच. आपल्याकडे दिल्लीत टीव्ही १९५९ ला आला, मुंबई केंद्र २ ऑक्टोबर १९७२ ला. मूकपटातला किंवा तिशीच्या दशकातला एखादा मुंबईचा एक्स्ट्रा तोवर कुठल्या कुठे गेला असेल. आणि दूरदर्शनच्या सुरुवातीच्या नाटकांत दोन खोल्या आणि चार माणसं. गर्दीला पैसे कुठले?

कोपऱ्यातला_प्रेक्षक

शामकाका, हा मुद्दा माझ्या लेखात असायला हवा होता इतका चांगला आहे.

त्यात एक भर. मालिकांना चित्रपटाच्या मानानं थोडे एक्स्ट्रा पुरायचे. चित्रपटाच्या पार्टीत शंभर पाहुणे, मालिकेच्या क्लबात दहा-बारा. म्हणजे घ्यायचे ते न शिकवता काम जमणारेच. नवख्यांचं काम गेलं, मुरलेल्यांचं टिकलं.

देवयानी_क

कुणी तिच्या घरच्या आयुष्याबद्दल लिहील का? लग्न, मुलं वगैरे? उत्सुकता आहे.

कोपऱ्यातला_प्रेक्षक

थोडक्यात. १९२३ सालीच कलन टेट यांच्याशी लग्न झालं. ते दिग्दर्शक सेसिल बी. डमिल यांचे सहायक दिग्दर्शक. हे लग्न टिकलं नाही. दुसरे पती विल्यम होल्मन, कोलंबिया स्टुडिओचे व्यवस्थापक, तेही पुढे वेगळे झाले. वर सांगितलेले 'इट हॅपन्ड वन नाईट' आणि 'यू कान्ट टेक इट विथ यू' हे दिग्दर्शक फ्रँक कॅप्राचे दोन्ही विजेते चित्रपट कोलंबियाचेच आहेत, स्टूजेसचे छोटपटही. त्यावरून कुणी वशिल्याचा निष्कर्ष काढेल, पण पॅरामाउंट, एमजीएम, फॉक्स या दुसऱ्या स्टुडिओंतही सगळीकडे ती तितकीच दिसते, तेव्हा जरा दमानं.

माझ्या मते लग्नांपेक्षा महत्त्वाची गोष्ट म्हणजे युनियन. १९४५ ला स्क्रीन एक्स्ट्राज गिल्ड उभी राहिली त्यात ती पुढे होती. सुरुवातीच्या उपाध्यक्षांपैकी एक आणि कार्यवृत्त लिहिणारी चिटणीसही. पडद्यावर तोंड न उघडणारी बाई बैठकीत मात्र सगळ्यांचं बोलणं नोंदवत होती. ही संघटना १९९२ पर्यंत चालली, मग एक्स्ट्रांचं काम स्क्रीन ॲक्टर्स गिल्डकडे गेलं.

निमाताई

हे वाचून बरं वाटलं. ओळीला वेगळे पैसे मिळायचे ना तिकडे? म्हणजे एक्स्ट्राने एक वाक्य म्हटलं तर दर बदलतो असं?

कोपऱ्यातला_प्रेक्षक

हो. ओळ मिळाली की तो माणूस त्या दिवसापुरता नटांच्या दरात जायचा. म्हणून निर्मात्यांचा कल एक्स्ट्राला गप्प ठेवण्याकडेच. एखाद्या वेटरनं 'येस सर' म्हणायचं की नुसती मान हलवायची यावर पैशाचा हिशेब असायचा. अशा बारक्या गोष्टींसाठीच तर संघटना लागते.

सातासमुद्रापार

मी लॉस एंजेलिसच्या जवळ राहतो म्हणून लिहितो. बेस यांचं निधन २८ जुलै १९८४ ला वुडलँड हिल्सला झालं, चित्रपटवाल्यांच्या वृद्धाश्रम-रुग्णालयात. त्या संस्थेची गोष्टही सांगण्यासारखी आहे. १९२१ ला मेरी पिकफर्ड, चॅप्लिन, फेअरबँक्स वगैरे बड्या नटमंडळींनी गरजू कलावंत-कामगारांसाठी निधी सुरू केला. पुढे धंद्यातल्या लोकांनी पगारातला अर्धा टक्का त्यात द्यायची पद्धत पडली. १९४२ ला वुडलँड हिल्सचं घर उघडलं. तिथे नामांकित नटही राहिले आणि सुतार, शिंपी, एक्स्ट्राही.

आपल्या इंडस्ट्रीत म्हातारपणी हालात गेलेल्या नटांच्या बातम्या वाचल्या की हा अर्धा टक्का आठवतो.

उनाड_पाखरू

+१

सिगारवाल्या गृहस्थांचं काय झालं?

देवयानी_क

@कोपऱ्यातला_प्रेक्षक, आजवर ब्लॅक अँड व्हाइट इंग्रजी चित्रपट फारसे बघितलेले नाहीत. सुरुवात कशानं करू? आणि तिला ओळखायचं कसं?

कोपऱ्यातला_प्रेक्षक

आधी चेहरा ओळखीचा करा. त्यासाठी स्टूजेस किंवा लॉरेल-हार्डी, कारण तिथे तिला भूमिका आहे, जवळून दिसते. मग 'ऑल अबाउट ईव्ह'. चित्रपट तसाही अप्रतिम आहे, बेस सापडली नाही तरी संध्याकाळ फुकट जाणार नाही. 'रिअर विंडो' शेवटी ठेवा, त्यात पार्टी अंगणाच्या पलीकडे आहे आणि मोबाइलवर तर काहीच कळणार नाही.

ओळखायची खूण म्हणजे उंची आणि मान. गर्दीत बाकीच्या बायका नायिकेकडे बघत असतात. ही आपल्या सोबत्याशी बोलत असते.

रोखठोक

काल रात्री 'वी फॉ डाउन' बघितला. वीसेक मिनिटांचा आहे, कंटाळा येत नाही. मिसेस लॉरेल म्हणून बाई झकास, नवऱ्याची थाप ऐकताना तिचा चेहरा बघा. मूकपट असून संवाद ऐकू येतात. हिला पुढे कुणी बरी विनोदी भूमिका का दिली नाही याचं मात्र आश्चर्य वाटलं.

८०० चा आकडा तरीही मान्य नाही.

निमाताई

कुणी सांगितलं हवी होती म्हणून? रोजचं काम, संघटनेत मान, बॉक्स ऑफिसची भीती नाही. मला विचाराल तर नायिकेपेक्षा बरा सौदा.

रोखठोक

@निमाताई, याच्यावर वेगळा धागा काढा, तिथे भांडू.